लोणारचा खड्डा कोणी पाडला?

मुंबईकराला खड्ड्यांचं काय कौतुक? अंधेरीहून घाटकोपरला रिक्षाने जा, सगळे प्रकार बघून होतात. पण मी ज्या खड्ड्याबद्दल लिहितोय तो सुमारे 1.8 किलोमीटर रुंद आणि जवळपास 150 मीटर खोल आहे, आणि त्यासाठी कुठल्याही कंत्राटदाराला दोष देता येत नाही. (मी कॉन्व्हेंटवाला, तेव्हा शुद्धलेखनाच्या चुका पोटात घालाव्यात.)

माझा रूम पार्टनर मेहकरचा. एकदा मेसमधून परत येताना मी शाळेच्या पुस्तकात वाचलेल्या अमेरिकेतल्या ॲरिझोनाच्या उल्का विवराबद्दल ज्ञान पाजळत होतो. तो शांतपणे म्हणाला, "आमच्याकडे पण एक हाय. येऊन पाय ना एकदा." मला वाटलं, थापा मारतोय. खरं सांगायचं तर बुलढाणा जिल्हा नकाशावर कुठे आहे हेही मला धड माहीत नव्हतं. दिवाळीच्या सुट्टीत त्याच्याबरोबर गेलो. जालन्यापर्यंत रेल्वे, पुढे एसटी.

रात्री जेवणं झाल्यावर त्याच्या आजींनी गोष्ट सांगितली. लवणासुर नावाचा दैत्य जमिनीखालच्या घरात लपून लोकांना छळायचा. विष्णूने दैत्यसूदनाचं रूप घेतलं, पायाच्या अंगठ्याने त्या घराचं झाकण उडवलं आणि दैत्याला मारलं. ते घर म्हणजे हे सरोवर, आणि पाणी म्हणजे त्याचं रक्त. मी हसलो आणि म्हणालो, "आजी, ती उल्का होती."

"असन बाप्पा," आजी म्हणाल्या. "पण तुले कसं समजलं?"

मला उत्तर देता आलं नाही! पुस्तकात छापलेलं होतं, एवढंच. म्हणजे आजींनी ऐकलं होतं आणि मी वाचलं होतं. फरक काय? परत आल्यावर लायब्ररीत बसलो, त्यातून हा लेख झाला.

पहिली गंमत म्हणजे शास्त्रज्ञांनाही हे लगेच कळलं नव्हतं. 1823 मध्ये सी. जे. ई. अलेक्झांडर या ब्रिटिश अधिकाऱ्याने लोणारची नोंद केली. पुढे बरीच वर्षं हा ज्वालामुखीचाच प्रताप मानला जाई. ते साहजिकही होतं. तिथला सगळा खडक बसाल्ट, म्हणजे थंड झालेला लाव्हा. आपल्या अंधेरीची गिल्बर्ट हिल याच खडकाची. महाराष्ट्रभर हा लाव्हा साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी पसरला. मग उल्का कशावरून? तीन पुरावे बघू.

पहिला पुरावा वयाचा. विवराचं वय मोजण्याच्या एका पद्धतीने सुमारे 50 हजार वर्षं येतात, तर दुसरीने सुमारे 5 लाख 70 हजार. आकड्यांचं भांडण मोठं आहे, पण कुठलाही घेतला तरी तेव्हा लाव्हा थंड होऊन कोट्यवधी वर्षं झाली होती.

दुसरा पुरावा काठाचा. विवराची कड आजूबाजूच्या जमिनीपेक्षा उंच आहे आणि तिथले खडकाचे थर बाहेरच्या बाजूला कललेले आहेत. मध्यभागातून जोरदार धक्का बसला की असंच होतं.

तिसरा पुरावा सगळ्यात पक्का. तळाशी ड्रिलिंग केल्यावर गाळाच्या खाली चुरा झालेला खडक मिळाला, आणि त्यात मास्केलिनाइट नावाची काच. फेल्डस्पार हे खनिज प्रचंड दाबाच्या लाटेत सापडलं की त्याची आतली रचना मोडून अशी काच होते. ज्वालामुखीत उष्णता भरपूर असते, पण एवढा दाब एका क्षणात येत नाही. हे संशोधन 1973 मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात आलं आणि वादाचा निकाल लागला.

आता आपल्या लाइनचं गणित. समजा, दगड सेकंदाला 18 किलोमीटर वेगाने आला. फर्स्ट इयरचा फॉर्म्युला, अर्धा एम व्ही स्क्वेअर, लावला तर दर किलोमागे 16 कोटी 20 लाख ज्यूल येतात. एक किलो टीएनटी फुटलं की साधारण 42 लाख. म्हणजे आलेल्या दगडाचा एकेक किलो सुमारे 39 किलो टीएनटीइतका! म्हणून तो खड्डा खणत नाही, स्वतःच स्फोटासारखा फुटतो. त्यामुळे उल्का तिरकी आली तरी विवर बहुधा गोल होतं आणि तिचा मोठा तुकडा हाती लागत नाही.

चंद्रावरचे काळे डागही बसाल्टचेच आणि तिथेही अशीच विवरं आहेत. बसाल्टमधलं इतकं चांगलं टिकलेलं विवर पृथ्वीवर दुर्मीळ, म्हणून चंद्राचा अभ्यास करणारे लोणारला येतात. आपण मात्र ॲरिझोना पाठ करतो.

आजींची गोष्टही अगदीच हवेतली नाही. लवण म्हणजे मीठ. सरोवरातून पाणी बाहेर पडायला वाट नाही, ते फक्त वाफ होऊन जातं आणि क्षार मागे राहतात. पाणी खारट आणि खूप अल्कलाइन, पीएच 10 च्या आसपास. जून 2020 मध्ये पाणी गुलाबी झालं. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने तपासलं, तर तो रंग मिठात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांचा निघाला. त्याच वर्षी लोणारला रामसर दर्जा मिळाला.

शेवटी एक कबुली. खाली उतरल्यावर मी एक काळा दगड आठवण म्हणून खिशात टाकला होता. रूम पार्टनरने तो काढायला लावला. म्हणाला, "सगळेच एकेक न्यायला लागले तर उरंल काय?" तेव्हा राग आला होता. आता कळतं, 1973 चा निकाल अशाच दगडांवर लागला. वयाचा वाद मिटायचा असेल तर त्यालाही दगडच लागणार. अभयारण्यातून काही उचलू नये हा नियम आहेच, पण इथे दगड उचलणं म्हणजे पुरावा पळवणं.

तेव्हा मित्रांनो, पुढच्या सुट्टीत गोव्याचा प्लॅन फिसकटला तर लोणारला जा. खिसे रिकामे ठेवून या. आणि आजींचा प्रश्न बरोबर न्या, व्हायव्हाला पण उपयोगी पडतो: तुला कसं समजलं?