वादक रुसले आणि रोमची उपासना अडली



संक्रांतीच्या दिवसांत आपल्या सोलापुरात सिद्धेश्वरांची गड्ड्याची यात्रा भरते. सात नंदीध्वजांची मिरवणूक वाजतगाजत निघते. वाद्यांवाचून सण ही कल्पनाच आपल्याला करवत नाही. ज्या रोममध्ये संत पेत्र व संत पौल यांनी रक्तसाक्ष दिली, त्या प्राचीन रोममध्येही असेच होते.

रोमन लोक देवतांना बळी अर्पण करीत, तेव्हा 'टिबिया' नावाचे सनईसारखे, दोन नळ्यांचे वाद्य वाजत असे. त्याचे मुख्य काम म्हणजे प्रार्थना म्हणणाऱ्याच्या कानी दुसरा कोणताही अशुभ आवाज पडू न देणे. जमलेल्या लोकांनी तोंड बंद ठेवायचे असे. मार्च महिन्यात 'सालिई' हे पुरोहित ढाली घेऊन नाचत व एक फार जुने स्तोत्र गात. पुढे पुढे त्याचे शब्द त्या पुरोहितांनाही नीट कळेनासे झाले, तरी गाणे चालूच राहिले.

इतिहासकार लिव्ही एक गंमतीदार प्रसंग सांगतो. इ.स.पू. ३११ मध्ये वादकांचे मंदिरातील जेवण अधिकाऱ्यांनी बंद केले. वादक रुसून तिबुर गावी निघून गेले आणि रोममध्ये बळीच्या वेळी वाजवायला कोणी उरले नाही. शेवटी तिबुरच्या लोकांनी त्यांना दारू पाजून, गाडीत घालून रोमला परत पोहोचवले. त्यांचे जेवणही पुन्हा सुरू झाले!

याउलट आरंभीचे ख्रिस्ती लोक पाहा. इ.स. ११२ च्या सुमारास प्लिनी या सुभेदाराने सम्राट त्राजानला कळवले की, हे लोक ठरलेल्या दिवशी पहाटे जमतात व ख्रिस्ताला देव मानून आळीपाळीने स्तोत्र गातात. त्यांच्याकडे मंदिर नव्हते. मात्र गाणे सर्वांचे होते. मनाने गावे तसे समजूनही गावे, ही संत पौलाची शिकवण आहे (१ करिंथ १४:१५).

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने ४ डिसेंबर १९६३ रोजी प्रसिद्ध केलेल्या उपासनाविषयक दस्तऐवजात हेच सांगितले. गायनवृंद जरूर असावा, पण प्रतिसाद, स्तोत्रे व गीते यांत सर्व भाविकांनी भाग घ्यावा. लोकभाषेचा मार्गही तिथेच मोकळा झाला. म्हणूनच आज आपण मराठीत मिस्सा गातो.

आता स्वतःला विचारू या. एखाद्या रविवारी कीबोर्ड वाजवणारा आला नाही, तर आपली मिस्सा मुकी होते का? माईकचा आवाज इतका मोठा असतो का की शेजारच्या आजींचा सूर ऐकूच येत नाही? गायनवृंद आपल्याला गायला मदत करण्यासाठी आहे, आपल्याऐवजी गाण्यासाठी नाही.

या आठवड्यात एवढेच करू या : रविवारच्या प्रतिसाद स्तोत्राचा अर्थ घरी मुलांना समजावून सांगू आणि मिस्सामध्ये ते मोकळ्या आवाजात गाऊ. सूर चुकला तरी चालेल. देव अंतःकरण ऐकतो.