विहिरीचे घनफळ

आमच्या वसतिगृहामागील गोल विहीर माजी विद्यार्थ्यांच्या स्मरणात असेलच. चिपळुणात वर्षाकाठी तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस कोसळतो. तरी जांभ्याच्या उतारावरून ते पाणी पाहता पाहता वाशिष्ठीला मिळते आणि एप्रिलमध्ये विहिरीचा तळ दिसू लागतो. अशाच एका एप्रिलमध्ये आम्ही आठवीचा वर्ग विहिरीच्या कठड्यापाशी नेला.

वृत्तचितीचे घनफळ काढण्याचे सूत्र मुलांना पाठ होते. पाठ असणे आणि उमगणे यांतले अंतर आम्हांला तेथे कळले. व्यास ४.२ मीटर, पाण्याची खोली २ मीटर; एका हुशार विद्यार्थ्याने क्षणात उत्तर दिले, १,१०,८८० लिटर! नव्वद निवासी, प्रत्येकी ५५ लिटर, म्हणजे रोजचे ४,९५० लिटर. पाणी बावीस दिवस पुरणार आणि परीक्षा तर बारा दिवसांत संपणार. सर्वांना आनंद झाला.

त्याने त्रिज्येच्या जागी व्यास घेतला होता. त्रिज्या दुप्पट धरली की तळाचे क्षेत्रफळ दुप्पट होत नाही, चौपट होते. वहीत अशा चुकीने दोन गुण जातात. येथे मुले तहानेली राहिली असती.

म्हणून आम्ही सूत्र बाजूला ठेवले. समान आकाराच्या भाकऱ्या एकावर एक रचल्या, तर त्या चवडीने व्यापलेली जागा म्हणजे एका भाकरीने झाकलेली जागा गुणिले चवडीची उंची. विहिरीचेही तसेच. तळाचे क्षेत्रफळ २२/७ × २.१ × २.१, म्हणजे १३.८६ चौरस मीटर. पाणी एक मीटर उंच असेल तर १३.८६ घनमीटर, दोन मीटर असेल तर २७.७२. एका घनमीटरात हजार लिटर मावतात. तेव्हा पाणी २७,७२० लिटर. जेमतेम साडेपाच दिवसांचे! (घरी पडताळा पाहायचा असेल, तर आतून ७ सेंटिमीटर त्रिज्येचा, २० सेंटिमीटर उंचीचा डबा लिटरच्या मापाने भरावा. ३ लिटर ८० मिलिलिटर पाणी मावेल.)

मापे कशी घेतली, हेही सांगितले पाहिजे. हाताने खणलेली विहीर कधीच नेमकी गोल नसते. तीन दिशांनी दोरी ताणली, तेव्हा ४.१, ४.३ आणि ४.२ मीटर भरले. आम्ही सरासरी घेतली. खड्डा वेडावाकडा असल्यास अनेक ठिकाणी मापून सरासरी घ्यावी, हा नियम भास्कराचार्यांनी इ. स. ११५० च्या ‘लीलावती’त दिलेला आहे. व्यवहारासाठी २२/७ आणि सूक्ष्म गणितासाठी ३९२७/१२५० हे गुणोत्तरही त्याच ग्रंथात आहे. खोलीसाठी सुतळीला दगड बांधून सोडला आणि भिजलेला भाग मोजला.

ज्यांना सार्वजनिक पाणवठ्याला स्पर्श करण्याची मनाई होती, ज्यांच्यासाठी २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले, त्यांची पतवंडे आज विहिरीच्या काठावर पाण्याचा हिशेब मांडतात. आम्हांला ही गोष्ट लहान वाटत नाही.

इतक्यात एका मुलीने विचारले, “पण सर, झरे?” प्रश्न रास्त होता. रात्री उपसा थांबल्यावर आणि पहाटे उपसा सुरू होण्यापूर्वी अशी दोनदा सुतळी सोडली. पाणी १० सेंटिमीटर चढले होते, म्हणजे १,३८६ लिटरची भर. तरी रोज ३,५६४ लिटरची तूट राहते आणि साठा पावणेआठ दिवसांतच संपतो.

मग मुलांनी हिशेब उलटा मांडला. २७,७२० लिटर बारा दिवसांवर वाटले, तर रोजचे २,३१० लिटर. त्यांत झऱ्यांचे १,३८६ मिळवून ३,६९६. नव्वदांनी भागून प्रत्येकी ४१ लिटर. झरे तेवढेच वाहत राहतील हे गृहीत धरून मुलांनीच न्हाणीघराच्या दारावर खडूने लिहिले : ‘माणशी वीस लिटरच्या दोन बादल्या.’ खाली संपूर्ण आकडेमोडही होती आणि त्रिज्येखाली दोन ठळक रेघा ओढलेल्या होत्या.