ताप उतरला, पण लघवी झाली का?

सोयाबीन काढताना विळा लागतो, नाहीतर अनवाणी पायात बाभळीचा काटा मोडतो. वर हळद दाबून माणूस पुन्हा कामाला लागतो. चार दिवसांनी पाय सुजतो, हुडहुडी भरून ताप येतो. गावातच एक सुई, एक सलाईन होते, ताप उतरतो आणि घरचे निर्धास्त होतात. दुसऱ्या दिवशी मुखेडहून, अहमदपूरहून तोच माणूस आमच्याकडे येतो तेव्हा त्याला धाप लागलेली असते, हातपाय गार पडलेले असतात आणि पोटच्या पोराचीही ओळख पटत नसते. नातेवाईक विचारतात, "डॉक्टर, रक्तात पू झाला का हो?"

पू नव्हे, हा सेप्सिस. जंतुसंसर्ग पायात असो, फुप्फुसात असो की लघवीच्या मार्गात, त्याला शरीराने दिलेले उत्तर कधी कधी हाताबाहेर जाते. रक्तवाहिन्या सैल पडतात, त्यांतले पाणी बाहेर झिरपते, रक्तदाब घसरतो. मूत्रपिंडाला रक्त कमी पडले की लघवी आटते, मेंदूला कमी पडले की माणूस बरळू लागतो. ताप मात्र गोळीने उतरलेला असू शकतो, म्हाताऱ्या माणसांत तो कधी कधी येतच नाही. म्हणून नुसत्या तापावर विसंबू नका.

अंगात कुठेही संसर्ग असेल तर घरी या चार गोष्टी पाहा:

- श्वास: मोबाईलवर एक मिनिट लावून मोजा. मोठ्या माणसात 22 किंवा त्याहून जास्त म्हणजे धोका.
- भान: झापड, असंबद्ध बोलणे, ओळख न पटणे.
- लघवी: दिवसभरात न होणे किंवा अगदी थोडी होणे.
- त्वचा: हातपाय गार, अंगावर निळसर चट्टे. रक्तदाब मोजता आला आणि वरचा आकडा 100 किंवा खाली असला, तर तोही इशाराच.

यातले एक जरी दिसले तरी सकाळची वाट पाहू नका. मधुमेही, वृद्ध, बाळंतीण आणि किडनीचे रुग्ण यांच्याबाबत तर मुळीच नाही.

रुग्णालयात आम्ही आधी कल्चरसाठी रक्त घेतो आणि लगेच शिरेतून प्रतिजैविक सुरू करतो. रक्तदाब कोसळला असेल तर ते तासाभरात जायलाच हवे. सलाईन लागते, पण मापाने: साधारण किलोमागे 30 मिली. साठ किलोच्या माणसाला पहिल्या तीन तासांत जवळपास 1.8 लिटर. गावातली अर्ध्या लिटरची एक बाटली त्यापुढे काहीच नाही. एवढ्यानेही दाब सावरला नाही, तर नॉरॲड्रेनॅलिनचे ठिबक लावतो. पायात पू असेल तर तो काढावाच लागतो. पू तसाच ठेवून औषधे देणे म्हणजे चूल पेटती ठेवून धूर हाकलणे. दोन-तीन दिवसांनी कल्चरचा अहवाल पाहून औषध बदलले, तर आधीचे चुकले असे समजू नका. व्हेंटिलेटर किंवा डायलिसिस लागले म्हणजे सगळे संपले, असेही नाही. अवयव सावरेपर्यंतचा तो आधार असतो.

तान्ह्या बाळाची लक्षणे निराळी. दूध ओढत नाही, रडणे क्षीण, अंग गार, पोट फुगलेले, छाती आत ओढली जाते, श्वास मिनिटाला 60 किंवा जास्त. गडचिरोलीत डॉ. अभय आणि राणी बंग यांच्या 'सर्च'ने गावातल्याच बायांना हे ओळखायला आणि जंतुदोषावर उपचार करायला शिकवले. 1999 साली प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात, तुलनेच्या गावांपेक्षा नवजात मृत्युदर तिसऱ्या वर्षी 62 टक्क्यांनी कमी झाला होता. म्हणून आशाताई बाळ पाहायला आल्या की त्यांना दारातून परत पाठवू नका.

किनवटहून नांदेड शंभर किलोमीटरच्या पुढे. निघायला केलेला उशीर वाटेत भरून निघत नाही. 108 ला फोन करा. नांदेडला विष्णुपुरीचे डॉ. शंकरराव चव्हाण रुग्णालय, लातूरला विलासराव देशमुख संस्थेचे रुग्णालय आहे. निघताना आधीच्या गोळ्यांची पाकिटे, सुईची चिठ्ठी आणि मधुमेहाची फाईल पिशवीत टाका. शेवटची लघवी किती वाजता झाली, तेवढे सांगणारा माणूस सोबत आणा.