चलत्चित्राचा पुरावा आणि त्याचे राखणदार

इतिहासाची साधने म्हटली की शिलालेख, ताम्रपट, नाणी आणि दप्तरे आठवतात. विसाव्या शतकाने त्यांत चलत्चित्राची भर घातली. हे साधन अत्यंत बोलके, पण तितकेच नाशवंत आहे.

१९५० च्या सुमारापर्यंत वापरली जाणारी नायट्रेट फिल्म अतिशय ज्वालाग्राही होती. एकदा पेटली की ती पाण्यानेही विझत नसे. तिच्या जागी आलेली अॅसिटेट फिल्म उष्ण, दमट हवेत विघटित होते आणि तिला व्हिनेगरसारखा आंबूस वास येतो. म्हणून थंड, कोरड्या कोठारात फिल्म जपणे हा या व्यवसायाचा पहिला भाग होय. भारताचा पहिला बोलपट ‘आलम आरा’ (१९३१). त्याची एकही प्रत आज उपलब्ध नाही. उलट, दादासाहेब फाळके यांच्या मूकपटांचे काही अंश आपण पाहू शकतो. त्याचे मोठे श्रेय पुण्यात १९६४ साली स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला आणि तेथे आयुष्य वेचणाऱ्या पी. के. नायर यांना जाते.

दुसरा भाग शोधाचा. माहितीपटासाठी हवे असलेले चित्रण कोणत्या संग्रहात आहे, मूळ प्रत कोणती, हक्क कोणाकडे, हे संशोधकाने शोधायचे असते. त्याहून कठीण प्रश्न सत्यतेचा. ‘द बॅटल ऑफ द सोम’ (१९१६) या ब्रिटिश युद्धपटात सैनिक खंदकातून बाहेर पडताना कोसळतात. हे गाजलेले दृश्य आघाडीच्या मागे रचून घेतलेले होते, असे अभ्यासक मानतात. त्याच चित्रपटातील जखमी सैनिकांची दृश्ये मात्र अस्सल आहेत. कागदपत्रांना आपण लावतो तेच बाह्य आणि अंतर्गत परीक्षण येथेही लावावे लागते.

तिसरा भाग नोंदीचा, आणि माझ्या मते सर्वांत मोलाचा. नोंदीत पुढाऱ्याचे नाव येते. बाकीचे ‘जमाव’ किंवा ‘मजूर’ म्हणून उरतात. ज्याची नोंद नाही, तो पुढच्या संशोधकाला सापडत नाही. म्हणून नोंद करणाऱ्याच्या हाती इतिहासाचा दरवाजा असतो.

इतिहास, रसायन, कायदा, भाषा यांपैकी कशाचीही आवड असणाऱ्या आपल्या मुलामुलींना या क्षेत्रात वाव आहे. मुंबईची फिल्म हेरिटेज फाउंडेशन यासाठी प्रशिक्षण कार्यशाळा घेते.

आरंभ मात्र घरापासून करता येईल. कपाटातील जुन्या व्हिडिओ कॅसेटवर आजच तारीख, ठिकाण आणि दिसणाऱ्या प्रत्येकाचे नाव लिहून ठेवावे. ओळखणारी माणसे आहेत, तोवरच हे शक्य आहे.