शेंडेनक्षत्र : हवेतले की आकाशातले?

पांझरा नदीच्या एका तीरास धुळे शहर व दुसऱ्या तीरास देवपूर आहे. तेथून खेड्यापाड्यांत जाणाऱ्या उपदेशकांस एक प्रश्न वारंवार ऐकावा लागतो. तो असा की, "मास्तर, शेंडेनक्षत्र निघाले म्हणजे काही तरी वाईट होतेच ना?" इ. स. २०२० च्या जुलई महिन्यात निओवाइज नावाचा धूमकेतू दिसला, तेव्हा जगभर महामारी चालू होती. तेव्हापासून ह्या प्रश्नास नवे बळ आले आहे. नुसते हसून हा प्रश्न टाळणे उपदेशकास शोभत नाही. कारण ज्याच्या घरी दुखणे आले आहे त्याची भीती हसण्याने जात नाही. म्हणून धूमकेतू म्हणजे काय ह्याविषयी विद्वानांत जो मोठा वाद झाला, तो आज आम्ही थोडक्यात सांगतो.

पहिली गोष्ट ही की, हा वाद फार जुना आहे. आपल्या देशात सहाव्या शतकात वराहमिहिर नावाचा ज्योतिषी होऊन गेला. त्याने बृहत्संहिता ह्या ग्रंथात केतूंचे तीन प्रकार सांगितले : दिव्य, आंतरिक्ष व भौम, म्हणजे आकाशातले, हवेतले व भूमीवरचे. त्यांचा उदय व अस्त गणिताने कळत नाही, असेही त्याने स्पष्ट लिहून ठेविले. त्याच्याही फार पूर्वी ग्रीस देशात ॲरिस्टॉटल ह्याने शिकविले होते की, पृथ्वीतून कोरड्या वाफा वर जातात व चंद्राच्या खाली हवेत पेट घेतात, तोच धूमकेतू. हे मत युरोपात सुमारे दोन हजार वर्षे चालले.

आता हवेतले की आकाशातले हे ठरवावे कसे? वर चढून तर कोणी पाहू शकत नाही. परंतु एक साधी युक्ती आहे. धुळ्याच्या दक्षिणेस लळिंगचा डोंगर आहे. शेतात उभे राहून एखादी बाभूळ डोंगराच्या शेंड्याशी सरळ रेषेत धरा आणि मग दहा पावले बाजूला सरा. बाभूळ लागलीच डोंगरापासून सरकलेली दिसेल. परंतु डोंगर मात्र जागचा हललेला दिसणार नाही. ह्याचे कारण बाभूळ जवळ व डोंगर दूर. ह्याच रीतीने दोन दूरच्या गावांहून चंद्र पाहिला, तर ताऱ्यांमध्ये त्याची जागा किंचित निरनिराळी दिसते. धूमकेतू चंद्राहून जवळ असता, तर त्याची जागा ह्याहूनही अधिक सरकली पाहिजे.

इ. स. १५७७ त मोठा धूमकेतू निघाला, तेव्हा डेन्मार्क देशातील ट्यूको ब्राहे ह्याने हीच कसोटी लाविली. ह्वेन बेटावरून त्याने स्वतः घेतलेले वेध व प्राग शहरी हागेसियस ह्याने घेतलेले वेध त्याने ताडून पाहिले. चंद्राच्या बाबतीत जो फरक पडतो, तो धूमकेतूच्या बाबतीत आढळला नाही. तेव्हा तो चंद्राच्या निदान तिप्पट दूर असला पाहिजे, असे त्याने ठरविले. दोन हजार वर्षांचे मत दोन गावांच्या मापाने ढासळले.

तथापि भीती इतक्या लवकर ढासळली नाही. आणि येथे आम्हांस आमच्याच लोकांची चूक कबूल केली पाहिजे. त्याच धूमकेतूविषयी इ. स. १५७८ त जर्मनीतील सेलिखियस नावाच्या प्रॉटेस्टंट धर्माधिकाऱ्याने लिहिले की, मनुष्यांच्या पापांचा धूर वर जाऊन देवाच्या क्रोधाने पेटतो, तो हा धूमकेतू. पुढच्याच वर्षी हंगेरीच्या डुडिथ ह्या विद्वानाने ह्या मताचे खंडन केले. पापांनी धूमकेतू होत असते, तर आकाश कधीही त्यांच्यावाचून राहिले नसते, असा त्याच्या उत्तराचा आशय सांगतात. ह्या उत्तरास प्रत्युत्तर देणे कठीण आहे.

इ. स. १६१८ च्या हिवाळ्यात पुन्हा मोठे धूमकेतू दिसले, आणि ह्या वेळी आपला देशही ह्या शोधात सामील झाला. बोहेमियाचा किर्विट्झर नावाचा जेझुइट पाद्री त्याच साली गोव्यास येऊन उतरला होता. त्याने गोव्याहून व रुबिनो नावाच्या दुसऱ्या पाद्र्याने कोचीनहून वेध घेतले. ते इ. स. १६२० त जर्मनीत छापून निघाले. हिंदुस्थानात दुर्बिणीतून धूमकेतू पाहिल्याची ही पहिली नोंद मानितात. त्या काळी खानदेश मोगलांच्या अमलाखाली होता. बादशहा जहांगीर ह्यानेही तोच देखावा आपल्या आत्मचरित्रात टिपला, आणि देशात पसरलेल्या मरीचे कारण हेच, असे लिहिले. परंतु त्याच ग्रंथात मरीची नोंद इ. स. १६१६ च्या सुमारास, म्हणजे धूमकेतूच्या आधी दोन वर्षे, आलेली आहे! वाचकहो, पीक बुडाल्यावर दोन वर्षांनी आलेल्या पाहुण्यास कोणी दोष देईल काय? इ. स. २०२० चीही गोष्ट तशीच. महामारी इ. स. २०१९ च्या अखेरीस सुरू झाली आणि निओवाइज धूमकेतूचा शोध पुढच्या मार्चमध्ये लागला.

त्याच इ. स. १६१८ च्या धूमकेतूवरून इटलीत मोठा झगडा झाला. ग्रासी नावाच्या जेझुइट पंडिताने वेधांवरून तो चंद्रापलीकडे असल्याचे प्रतिपादिले. सुप्रसिद्ध गॅलिलिओ त्या वेळी आजारी होता. त्याने तो धूमकेतू स्वतः नीट पाहिला नव्हता. तरी त्याने ग्रासीवर टीका केली, व धूमकेतू हा कदाचित इंद्रधनुष्यासारखा केवळ प्रकाशाचा भास असेल, असे सुचविले. ह्या एका मुद्द्यात गॅलिलिओ चुकला आणि ग्रासी खरा ठरला. ग्रासी व किर्विट्झर हे रोमन मंडळीचे होते, म्हणून त्यांचे श्रेय आम्ही लपवावे काय? मुळीच नाही. मोठ्या नावाने असत्य सत्य होत नाही, आणि परक्याच्या मुखातून निघाले म्हणून सत्य असत्य होत नाही.

आता राहिला वराहमिहिराचा मुद्दा, की धूमकेतूचे येणे गणिताने कळत नाही. इ. स. १६८१ त प्लाउएन गावचा पाळक डर्फेल ह्याने दाखविले की, आदल्या वर्षीचा धूमकेतू सूर्याभोवती वक्र मार्गाने वळून गेला. इ. स. १६८७ त न्यूटन ह्याने त्या मार्गाचा नियम सांगितला. मग हॅली ह्याने इ. स. १५३१, १६०७ व १६८२ ह्या तीन सालांचे धूमकेतू ताडून पाहिले; तिन्हींचा मार्ग जवळजवळ एकच निघाला. हा एकच धूमकेतू असून तो इ. स. १७५८ च्या सुमारास परत येईल, असे त्याने भाकीत केले. हॅली इ. स. १७४२ त वारला; परंतु धूमकेतू आला. तो प्रथम कोणी पाहिला? कोणा राजज्योतिष्याने नव्हे, तर ड्रेस्डेन शहराजवळच्या पालिच नावाच्या एका शेतकऱ्याने. दिवसा शेत करून रात्री स्वतःच विद्या शिकणाऱ्या ह्या मनुष्यास तो इ. स. १७५८ च्या नाताळाच्या रात्री दिसला. ज्याचे येणे पंचाहत्तर वर्षे आधी सांगता येते, ते कोणाच्या घरावरील संकटाची सूचना कसे होईल?

तोच धूमकेतू इ. स. १९१० त व १९८६ त आला, आणि इ. स. २०६१ त पुन्हा येईल. इ. स. १९८६ त जोत्तो नावाचे यान त्याच्या जवळून गेले, तेव्हा त्याचा गाभा कोळशाहून काळा व सुमारे १५ किलोमीटर लांब आढळला. धूमकेतू म्हणजे बर्फ व धूळ ह्यांचा गोळा. सूर्याजवळ येताच त्याची वाफ होते, आणि सूर्याच्या विरुद्ध दिशेस पिसारा पसरतो. ज्या चित्रकाराचे नाव त्या यानास दिले, त्याने बेथलेहेमचा तारा शेंडीचा रंगविला होता. परंतु मत्तयाच्या शुभवर्तमानात तारा एवढेच म्हटले आहे, शेंडीचा उल्लेख नाही. उलट यिर्मयाच्या दहाव्या अध्यायात तर आकाशातील चिन्हांनी घाबरू नये, असाच बोध आहे.

तेव्हा पुढल्या वेळी शेंडेनक्षत्र निघेल, तेव्हा उपदेशकाने काय करावे? ज्या घरी दुखणे आहे तेथे आधी औषधाची सोय पाहावी. मग सायंकाळी मुलांस शेतात न्यावे, बाभूळ व डोंगर ह्यांची युक्ती दाखवावी आणि रोज धूमकेतू कोणत्या ताऱ्याजवळ दिसतो ते वहीत लिहून ठेवण्यास सांगावे. पाचसहा रात्री ज्याने त्याची चाल मापली, त्या मुलास त्याचे भय उरत नाही.

मनन करण्याजोगे प्रश्न :

१. धूमकेतू चंद्रापलीकडे आहे हे ट्यूको ब्राहे ह्याने कसे ठरविले?

२. जहांगीराच्या स्वतःच्याच नोंदींवरून त्याचे अनुमान चुकीचे कसे ठरते?

३. आपल्या गावी एखाद्या संकटाचे कारण दुसऱ्याच कशास तरी लाविले जाते काय? तेथे आधी काय घडले व मागाहून काय घडले, हे तपासून पाहा.