पहिला पगार आणि पहिला हिरमोड
पहिल्या नोकरीतला पहिला हिरमोड बहुधा महिनाअखेरीस, पगाराचा मेसेज येतो तेव्हा होतो. ऑफर लेटरवर ३ लाख ६० हजारांचे पॅकेज असते आणि घरी त्याला १२ने भागून ३० हजार धरलेले असतात. पण हा आकडा सीटीसीचा, म्हणजे कर्मचाऱ्यापायी कंपनीला वर्षाला येणाऱ्या एकूण खर्चाचा. समजा, बेसिक १५ हजार आहे आणि दरमहा ३ हजार व्हेरिएबलमध्ये दाखवले आहेत. व्हेरिएबल पुढे कधीतरी, तेही कामगिरी पाहून मिळते. कंपनीच्या वाट्याचा पीएफ १,८०० आणि ग्रॅच्युइटीचे सुमारे ७२० रुपये अनेकदा सीटीसीतच मोजलेले असतात. मग स्वतःच्या वाट्याचा पीएफ १,८०० आणि महाराष्ट्रात २०० रुपये व्यवसाय कर (फेब्रुवारीत ३००) कापला, की हातात साडेबावीस हजारांच्या आसपास पडतात. महिलांना २५ हजारांपर्यंतच्या पगारावर हा कर नाही. पीएफ बुडत नाही, साठतो. ग्रॅच्युइटीसाठी मात्र कायम नोकरीत साधारणपणे सलग ५ वर्षे काढावी लागतात. एचआरकडून ब्रेकअप मागवून हा हिशेब रुजू होण्याआधीच मांडता येतो. हिंजवडीत खोलीचे डिपॉझिट भरण्याआधी तो मांडलेला बरा.

कामाची निराशा इतकी सरळ नसते. मेकॅनिकलचा पदवीधर टेस्टिंगमध्ये जातो, कुणी प्रोजेक्टची वाट बघत बेंचवर बसतो, कुणाच्या वाट्याला सपोर्टची रात्रपाळी येते. नवख्याच्या हाती लगेच मोठे काम न देण्यात कंपनीचे फारसे चुकत नाही; त्याची चूक निस्तरावी तिलाच लागते. या काळात बंद झालेली जुनी तिकिटे, म्हणजे तक्रारींच्या नोंदी, वाचणे फायद्याचे ठरते: काय अडले, कुणी कसे सोडवले, हे त्यांत लिहिलेले असते. वर्गात पहिल्या आलेल्यांना तर आणखी एक गोष्ट खुपते. कॉलेजात दर सहा महिन्यांनी निकाल लागे. इथे अप्रेझल बहुधा वर्षातून एकदा, एरवी ईमेलला ‘नोटेड’ एवढेच उत्तर.

पालकांचा ‘जरा अ‍ॅडजस्ट कर’ हा सल्ला अशा कंटाळ्यापुरता ठीक आहे. पगार महिनोन्‌महिने थकत असेल किंवा मूळ गुणपत्रिका अडकवून ठेवल्या असतील, तर तो घातक आहे. नोकरी सोडायचीच ठरली, तर आधी बॉण्ड आणि नोटीस पिरियडची कलमे वाचावीत, रिलीव्हिंग लेटर हातात घ्यावे आणि पीएफ काढून न घेता त्याच यूएएनवर (पीएफच्या कायम खाते क्रमांकावर) नव्या कंपनीकडे वर्ग करावा.