पिशवी बदलण्याचा धडा



आपल्या सुतारकाम वर्गात करवत आणि रंधा मशीनला डस्ट कलेक्टर जोडलेला आहे. त्याचा पंखा भुसा ओढतो. जड भुसा खालच्या पिशवीत पडतो आणि हवा वरच्या कापडी पिशवीतून गाळून बाहेर येते. गेल्या पावसाळ्यात मुले म्हणाली, "ताई, मशीन ओढत नाही, पिशवी बदलायला हवी." मी म्हणाले, "झटकून घ्या, अजून चालेल." देणगीचा पैसा वाचला असे मला वाटले. पुढे एका मुलाचा खोकला थांबेना. एका संध्याकाळी बॅटरी लावली, तर पिशवीभोवती धूळ धुरासारखी तरंगत होती.

जाड भुसा नाकात अडतो. १० मायक्रॉनहून बारीक धूळ मात्र छातीत खोल जाते. माणसाचा केस साधारण ७० मायक्रॉन जाड असतो, यावरून कल्पना करा. लाकडाच्या धुळीने दमा होऊ शकतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने १९९५ साली तिला कर्करोगकारक ठरवले आहे.

झटकूनही ओढ परत येत नसेल किंवा कापड विरले असेल, तर पिशवी बदलावी. ती अशी:

१. मशीन बंद करून प्लग काढा. धूळ खाली बसू द्या.
२. रुमाल पुरत नाही. एन-९५ मास्क आणि चष्मा लावा. जवळ विडी किंवा निखारा नको. हवेत उडालेली बारीक धूळ भडकते.
३. वरची पिशवी हलकेच झटका. खालची काढून तोंड बांधा. मग वरचीचा पट्टा सैल करा आणि तोंड आवळून ती पोत्यात घाला.
४. कडा ओल्या फडक्याने पुसा. नवी पिशवी सुरकुती न ठेवता बसवून पट्टा आवळा.
५. मशीन चालू करून अंधारात कडेवर बॅटरी मारा. धूळ दिसली तर पुन्हा बसवा.

विकत घेताना मायक्रॉन विचारा. ३० मायक्रॉनची पिशवी स्वस्त असते, पण बारीक धूळ पुन्हा खोलीत सोडते. खालची पिशवी दोन तृतीयांश भरली की रिकामी करा.

त्या मुलाला डॉक्टरांना दाखवून यंत्रांपासून दूर ठेवले. आता तो बरा आहे. पिशवी बदलल्याची तारीख मुले भिंतीवर लिहितात. त्यासाठी मला विचारावे लागत नाही.

आपल्या मंडळीत कोणी सुतारकाम करत असेल, तर हा धडा त्याला वाचून दाखवा.